तोवर मी थांबतो

जोतीराम माने फौजेतून हवालदार होऊन परतला आणि रहिमतपुरात स्टँडच्या मागं त्यानं ऑइल इंजिनं दुरुस्त करायचं दुकान घातलं. माणूस अबोल. इंजिनाला पाना लावायच्या आधी तो डोळे मिटून नुसता आवाज ऐकत बसायचा, वैद्यानं नाडी धरून बसावं तसा. मग उठायचा आणि नेमकं दुखणं सांगायचा. बहात्तरच्या दुष्काळात पाणी खाली खाली गेलं, इंजिनं विहिरीत उतरवावी लागली, तेव्हापासून पार माण-आटपाडीपर्यंत लोक त्याला ओळखू लागले.

पंचाहत्तर साली, दिवाळी सरून आठवडा झाला असेल, त्याला एक कार्ड आलं. अक्षर बाईमाणसाचं, वळणदार. ‘आमच्या जीनमध्ये एक यंत्र चालू आहे. ते बंद करावयाचे आहे. घाईने बंद करणारे पुष्कळ आहेत, सावकाश बंद करणारा माणूस हवा. येणे करावे.’ खाली सही होती, गुणमाला, आणि आटपाडीच्या पूर्वेकडच्या एका वस्तीचं नाव.

यंत्र सुरू करायला लोक बोलावतात. बंद करायला आजवर त्याला कुणी बोलावलं नव्हतं. त्यानं पिशवीत पाने, तेलाची बुधली आणि पुसायच्या चिंध्या भरल्या आणि दुसऱ्या दिवशी सकाळची गाडी धरली.

वडूज, म्हसवड करत आटपाडीला उतरेपर्यंत बारा वाजून गेले. धुळा नावाचा एक धनगर त्याला न्यायला आला होता. वाटेत दोन्ही बाजूंना शाळू कमरेला लागला होता. दुष्काळात हेच रान त्यानं भाजलेल्या खापरासारखं पाहिलं होतं. यंत्र कसलं आहे म्हणून त्यानं विचारलं, तर धुळानं मान हलवली आणि ते अक्काच सांगतील म्हणाला.

वस्तीच्या कडेला ते जीन होतं. कधीकाळी तिथं कापसातली सरकी काढत. आता भिंती आणि वर लांबलचक पत्रा एवढंच उरलं होतं. माळावर पाखरं पुष्कळ होती, पण त्या पत्र्यावर एकही बसलेलं नव्हतं. एक कावळा सरळ उडत आला आणि पत्र्याच्या अलीकडं वळसा घालून गेला. जोतीराम थांबला, डोळे मिटून ऐकू लागला. लांबून, जमिनीतून आल्यासारखी, एक हुंकारासारखी घरघर येत होती. डिझेलचा वास नव्हता. विजेचे खांबही वस्तीपर्यंत आलेले नव्हते.

गुणमालाअक्कांचं घर जीनला लागूनच होतं. वय पंचेचाळिशीच्या आतलं असावं, पण केस कापसासारखे पांढरे. त्यांनी त्याला पाय धुवायला पाणी दिलं आणि पान वाढलं. त्यानं आधी यंत्र बघतो म्हटल्यावर त्या म्हणाल्या,

“आधी जेवून घ्या, हवालदार. बघितल्यावर घास उतरत न्हाई कुणाला.”

तो जेवत असताना त्यांनी सगळं सांगितलं. त्यांचे मालक नेमिनाथ, लोक त्यांना नेमूअण्णा म्हणत, सांगलीत घड्याळं दुरुस्त करायचे. पुढं इथलं रान बघायला आले आणि या बंद जीनमध्येच रमले. आवारात विहीर पाडताना वीस हातांवर एक काळा दगड लागला, गाईएवढा. वैशाखातसुद्धा त्याच्यावर हात ठेवला की बोटं बधिर व्हायची. त्याच्याजवळ नेलेलं घड्याळ मागं पडायचं, आणि लांब आणलं की पुन्हा नीट चालायचं. घड्याळजीच्या डोक्यात किडा शिरला. तो दगड ऊब पितो हे त्यांनी शोधून काढलं, आणि जेवढी ऊब पितो तेवढा भोवतीचा वेळ आवळून धरतो, हेही. मग चार वर्षं खपून त्यांनी दगडावर चाक बसवलं आणि पत्र्याची ऊब खाली न्यायला लोखंडी कांबी सोडल्या. आत फरशीवर तांब्याच्या पट्टीचं मोठं कडं बसवलं. त्या कड्याच्या आत ठेवलेलं दूध आठ दिवसांनी, चाक आपोआप मंदावून थांबल्यावर, काढलं तर धारोष्ण निघालं. नासणारं नासू नये, औषधपाणी टिकावं, एवढाच त्यांचा हेतू होता.

बहात्तर सालच्या ज्येष्ठात एक घोणस गारव्याला म्हणून जीनमध्ये शिरली आणि नेमूअण्णांना पोटरीला चावली. तिला मारू नका, वाट द्या, एवढं ते आधी म्हणाले. आसपास कुठं लस नव्हती. सांगलीला जाऊन यायचं तर दुसरा दिवस उजाडला असता, आणि घोणस काही दुसरा दिवस उजाडू देत नाही. अक्कांनी लुगड्याचा काठ फाडून पाय आवळला. नेमूअण्णा लंगडत कड्यात गेले, खुर्चीवर बसले, आणि चाक सुरू करायचा दांडा ओढायच्या आधी बायकोकडं बघून म्हणाले, तू औषध घेऊन ये, तोवर मी थांबतो.

“दुसऱ्या दिवशी लस घिऊन आले मी,” अक्का म्हणाल्या. “पर तो उन्हाळा कसला हुता, तुमाला ठावं हाय. पत्रा तापला हुता तव्यावानी. त्या दगडानं इतकी ऊब पिली, इतकी पिली... यांना वाटलं असंल घटकाभर थांबावं. साडेतीन वर्सं झाली.”

जोतीरामचा हात ताटातच राहिला.

मग त्या त्याला जीनमध्ये घेऊन गेल्या. बाहेर लख्ख दुपार होती. आत पाऊल टाकल्यावर गारठा अंगावर आला आणि ओल्या पितळेसारखा वास नाकात शिरला. कड्याच्या आत मात्र दिवेलागणीची वेळ झाल्यासारखा अंधूक उजेड होता, जणू सूर्याचा प्रकाश तिथवर पोचता पोचता थकत होता. तांब्याच्या पट्टीवर पांढरं हिम धरलं होतं. मध्ये खुर्चीवर एक माणूस बसला होता. सदरा, धोतर, एक पाय पुढं पसरलेला. डोळे उघडे. मेणाचा पुतळा असावा तसा.

“मेलेले न्हाईत,” अक्का हळू आवाजात म्हणाल्या. “मानंची शीर बघा. दिसातनं एकदा फुगती. पापणी सकाळी खाली याया लागली की सांजच्याला उघडती. श्वास... चार दिसांनी एक. मी मोजलाय.”

कड्यात एक शेळीही होती. धुळाची. दोन वर्षांपूर्वी चुकून आत गेली आणि तेव्हापासून तोंडातला एकच घास चघळत होती. धुळा रोज येऊन तिला बघून जायचा.

जोतीरामनं पिशवीतला एक नट काढला आणि कड्यात भिरकावला. पट्टी ओलांडली आणि नट हवेत थांबला. पडला नाही, हलला नाही, नुसता छातीच्या उंचीवर टांगून राहिला. बराच वेळ टक लावून बघितल्यावर त्याच्या ध्यानात आलं, की तो हळूहळू खाली येत होता, उन्हात सावली सरकावी तसा. लढाईत त्यानं प्रेतं उचलली होती, पण पडायचं विसरलेली वस्तू त्यानं कधी पाहिली नव्हती. त्याला तिथून निघून जावंसं वाटलं, हे त्यानं पुढं स्वतःच सांगितलं.

पण कानानं त्याला थांबवलं. चाक कड्याच्या बाहेर होतं, कुडाच्या पलीकडं, विहिरीच्या तोंडावर, आणि त्याचा आस खाली दगडावरच्या बेअरिंगात उभा होता. त्या घरघरीत एक बारीक ‘खट’ होतं. दहा-बारा फेऱ्यांनी एकदा. तो चाकाजवळ बसला, डोळे मिटले आणि पुष्कळ वेळ ऐकत राहिला. मग त्यानं अक्कांना सांगितलं, की खालचं बेअरिंग खाल्लं गेलंय. फार तर महिनाभर टिकेल, आणि मग चाक एका झटक्यात अडकेल.

अक्का भिंतीला टेकून खाली बसल्या. एकदम बंद करू नये, असं नेमूअण्णांनी त्यांना फार पूर्वी सांगून ठेवलं होतं. धावत्या गाडीतून उडी मारल्यासारखं होईल, साठलेला सगळा वेळ एका क्षणात अंगावर पडेल. दुधाच्या एका भांड्याचं तसं झालं होतं. आत दूध उरलं नव्हतं, भांड्याच्या तळाला चिमूटभर राख होती. म्हणून तर त्यांनी आलेल्या दोन मेकॅनिकांना चाकाला हात लावू दिला नव्हता. ते घाई करत होते.

त्या संध्याकाळी जोतीराम ओट्यावर एकटाच बसून राहिला. पासष्टच्या लढाईत एक जीप बंद पडली होती, आणि तिच्यात मागच्या बाजूला त्याच्याच गावाकडचा एक जखमी जवान होता. जोतीरामनं ती जीप सुरू केली, पण दहा मिनिटं उशिरा. त्या दहा मिनिटांचा हिशोब त्याच्या मनातून कधी सुटला नव्हता. आणि इथं एका माणसानं साडेतीन वर्षं धरून ठेवली होती, केवळ बायको औषध घेऊन येईल या भरवशावर.

सकाळी तो अक्कांना म्हणाला, “चाकाला आपुन हात लावायचाच न्हाई. ब्रेक लावला तरी घासून ऊब तयार हुती, ती बी त्यो पिणार. त्याला उपाशी ठिवायचं, अक्का. जरा जरा करून.”

त्याच दिवशी तो सांगलीला गेला आणि बर्फाच्या कारखान्यातून चाळीस लाद्या, लाकडाच्या भुशात आणि गोणपाटात गुंडाळून, ट्रकनं घेऊन आला. तोवर धुळानं आणि वस्तीवरच्या गड्यांनी पत्र्यावर कडब्याचा जाड थर अंथरला होता, ऊन खाली पोचू नये म्हणून. आटपाडीच्या नर्स सुलाबाई त्याच संध्याकाळी येऊन राहिल्या. दरसाल नवी लस आणून ठेवायला त्याच अक्कांना मदत करायच्या. त्यांनी सिरिंज उकळली, पावडरच्या कुप्या मांडल्या आणि कड्यापासून चार पावलांवर बसून घेतलं.

ट्रक दुसऱ्या दिवशी पहाटे आला. दिवस वर आल्यावर जोतीरामनं पहिली लादी दोरानं विहिरीत सोडली.

दगडावर बर्फ टेकला तेव्हा विहिरीतून एक आवाज आला. झोपलेल्या जनावरानं कूस बदलावी तसा. चाकाच्या घरघरीत किंचित फरक पडला. तो फरक जोतीरामशिवाय कुणाला ऐकू आला नसता. त्यानं हात वर करून धुळाला थांबवलं, शंभर फेऱ्या ऐकल्या, आणि मग दुसरी लादी सोडली. असं करत करत दुपार झाली. अक्का कड्यासमोर बसून होत्या. अकरा वाजता त्यांनी सांगितलं, पापणी खाली येतेय. दोन वाजता सांगितलं, पापणी मिटून उघडली, तासाभरात. तीनच्या सुमाराला त्या काहीच बोलल्या नाहीत म्हणून जोतीरामनं मान वळवून बघितलं, तर त्यांनी तोंडावर पदर धरला होता. नेमूअण्णांची छाती हलत होती. डोळ्यांना दिसेल अशी, फार हळू.

आणि मग तो आवाज सुरू झाला.

आधी तो पायांना कळला, कानांना नंतर. जमिनीच्या खालून कुणीतरी कण्हावं तसा एक खोल, न संपणारा घुमारा. भिंतीवरची माती गळू लागली. बाहेर बांधलेल्या बैलांनी दावी तोडायचा प्रयत्न केला. वस्तीवरचे दोन गडी विहिरीपासून उठून चालते झाले. सुलाबाईंनी हातातली कुपी घट्ट धरली. घुमारा वाढत गेला, वर चढत गेला, त्यात एक थरथर आली, आणि धुळा एकाएकी खाली बसून रडायला लागला.

“माझी शेळी हाय ती,” तो म्हणाला. “वरडतीया...”

तिनं तोंड उघडलेलं सगळ्यांनी आता पाहिलं. तिच्या एका ओरडण्याला अर्धा तास लागला होता. कड्यातला उजेड वाढू लागला होता. पट्टीवरचं हिम विरघळून त्याचं पाणी झालं होतं.

सदतिसाव्या लादीला चाक कण्हलं. ‘खट’ आता प्रत्येक फेरीला येत होतं, आणि जोतीरामला कळून चुकलं की बेअरिंग शेवटपर्यंत टिकणार नाही. थोडंच राहिलं होतं, पण तेवढंही पुष्कळ होतं. तो दोर धरून विहिरीत उतरला. खाली बर्फ आणि काळोख, आणि मध्ये तो दगड, काळा, कोरडा, उपाशी. त्यानं बुधलीतलं सगळं तेल बेअरिंगवर ओतलं, चिंध्या गुंडाळल्या आणि दोन्ही हातांनी बेअरिंग सावरून धरलं. लगेच त्याच्या तळव्यांतून काहीतरी खाली ओढलं जाऊ लागलं. दगडाला आता दुसरी ऊब मिळत नव्हती, तो माणसाची पिऊ लागला. कोपरापर्यंत हात बधिर झाले. डोळ्यांपुढं जीप आली, तिचं उघडं बॉनेट आलं, मागून येणारी हाक आली. या खेपेला उशीर होऊ द्यायचा नव्हता, त्यानं हात काढले नाहीत. वरून धुळानं अडतिसावी लादी सोडली, मग एकोणचाळिसावी. चाळिसावी टेकली तेव्हा चाक एखाद्या दमलेल्या बैलासारखं आणखी दोन फेऱ्या चाललं आणि उभं राहिलं.

वर शेळी नीट, शेळीसारखी ओरडली. सुलाबाई धावल्याचा आवाज आला.

दोराला धरून जोतीराम वर आला तोवर सुलाबाईंनी शीर शोधून सुई घातली होती. नेमूअण्णांच्या कपाळावर घाम होता, पाय मांडीपर्यंत सुजत चालला होता. अक्का त्यांच्यापुढं गुडघ्यांवर बसल्या होत्या. नेमूअण्णांनी पापण्यांची उघडझाप केली आणि बायकोकडं नवलानं बघितलं.

“इतक्यात आलीस?” ते म्हणाले.

अक्कांनी नुसती मान हलवली. नेमूअण्णांची नजर त्यांच्या डोक्यावर गेली. त्यांनी हात उचलून केसांना लावला.

“आन् हे काय?”

“धूळ हाय,” अक्का म्हणाल्या. “वाटंत लय वारा हुता.”

घड्याळजी माणूस, त्यांना न कळण्यासारखं ते नव्हतं. पण त्यांनी तो हात केसांवरून काढला नाही.

सुलाबाईंनी पायावरची पट्टी सैल करायला घेतली आणि विचारलं की दुसरी कुणी बांधली. लुगड्याचा काठ घोट्याकडं घसरला होता, आणि गुडघ्याखाली, नेमकी पाहिजे तिथं, जाड्याभरड्या पांढऱ्या कापडाची एक पट्टी आवळलेली होती. तेव्हा कुणाला उत्तर द्यायला सवड नव्हती. सलाईन लावून, बाजेवर घालून नेमूअण्णांना ट्रकनं मिरजेला नेलं. चार दिवस जिवाची ओढाताण झाली. पाचव्या दिवशी लघवी साफ झाली, आणि डॉक्टरांनी माणूस वाचला म्हणून सांगितलं. लस वेळेवर लागू पडली, जणू चावून अर्धा तासच झाला होता, असंही ते म्हणाले. त्यांना खरं कुणी सांगितलं नाही.

पंधरवड्यानं नेमूअण्णा काठी टेकत वस्तीवर आले. बैलगाडी शाळवाच्या रानातून चालली होती. मध्येच त्यांनी गाडी थांबवायला सांगितली, खाली उतरले आणि एका ताटाला हात लावून उभे राहिले. त्यांच्या लेखी काल-परवापर्यंत या रानात भेगा होत्या, जनावरं चारा छावणीत होती. कितीतरी वेळ ते कणसावरून हात फिरवत राहिले. जोतीराम त्यांना पोचवायला आला होता, तोही उगाच दुसरीकडं बघत राहिला.

घरी आल्यावर, सूर्य मावळायच्या आत, सगळे जेवायला बसले. पहिला घास घ्यायच्या आधी नेमूअण्णांनी चौकशी केली, की तो दुसरा माणूस कुठं आहे, त्याला जेवायला बोलावलं का. अक्कांनी कुठला माणूस म्हणून विचारलं.

“तू गेलीस आन् त्यो आला,” नेमूअण्णा म्हणाले. “भाईर नुसतं करडं धुकं हुतं, त्यातनंच आला. बोलला काय न्हाई. तू बांधलेलं सुटलं हुतं, ते बघितलं त्यानं, आपल्या अंगावरचं फाडून परत बांधलं. मग माझा पाय मांडीवर घिऊन बसला... तू येस्तोवर. हात लय गार हुतं त्याचं.”

साडेतीन वर्षं अक्का रोज त्या कड्यासमोर बसल्या होत्या. पापणीची हालचाल त्यांनी चुकवली नव्हती. कड्यात एक माणूस आणि नंतर एक शेळी, याखेरीज त्यांनी कधीच काही पाहिलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पुरुषांनी दगडावर माती लोटून विहीर बुजवली. चाक उतरवलं, कांबी कापल्या. तांब्याची पट्टीही उखडून काढली. जीनला कुलूप लावायचं ठरलं, पण अक्कांनी लावू दिलं नाही. त्यांनी एका तांब्यात गार पाणी भरलं, आत जाऊन, खुर्ची होती त्या जागेच्या शेजारी फरशीवर ठेवलं आणि दार नुसतं लोटून घेतलं. ज्यानं आपलं माणूस राखलं त्याला पाणीसुद्धा विचारलं नाही, असं व्हायला नको, एवढंच त्या म्हणाल्या.

जोतीराम परत रहिमतपूरला आला आणि कामाला लागला. हातांची बधिरता हळूहळू ओसरली. रात्री झोप चांगली लागायची. जीप पुन्हा कधी स्वप्नात आली नाही. बायकोनं एकदा म्हटलंसुद्धा, की तुम्ही हल्ली कामात असताना शीळ घालता.

चैत्रात म्हसवडकडं एका इंजिनाचं काम निघालं, तेव्हा तो वाट वाकडी करून वस्तीवर गेला. नेमूअण्णा ओट्यावर बसून कुणाचंतरी मनगटी घड्याळ उघडून बघत होते. काठी सुटली होती. अक्का हसून बोलल्या, आणि पन्हं दिलं. पांढऱ्या केसांत त्यांनी अबोलीचा गजरा घातला होता. बोलता बोलता जोतीरामनं जीनची चौकशी केली. दोघांनी एकमेकांकडं बघितलं. मग अक्का उठल्या आणि त्याला घेऊन गेल्या.

आत ऊन स्वच्छ आलं होतं. पत्र्याच्या कडेवर चिमण्यांनी घरटं केलं होतं. हिम नव्हतं, घरघर नव्हती, फरशी कोरडी होती. जोतीरामनं डोळे मिटून ऐकलं, आणि त्याला चिमण्यांखेरीज काहीही ऐकू आलं नाही. मग त्यानं डोळे उघडले आणि अक्का बोट करत होत्या तिकडं बघितलं.

तांब्या फरशीवर नव्हता. फरशीपासून दीड हात वर, हवेत होता, किंचित तिरका. आतलं पाणी काठापर्यंत आलं होतं, पण सांडत नव्हतं.

“ठिवल्यापास्नं मी हात लावल्याला न्हाई,” अक्का म्हणाल्या. “पौषात चार बोटं हुता. आता हितवर आलाय.”

जोतीरामनं विचारलं, “अक्का... भ्या वाटत न्हाई?”

त्या तांब्याकडं बघत राहिल्या. “वाटतं की,” त्या म्हणाल्या. “पर तानलेला असंल. पिऊ द्या.”

आणि त्यांनी दार अलगद, आवाज होऊ न देता, लोटून घेतलं.